कांचनजंगा, तीन बोटं वर

दादा, तू गेल्यापासून प्रतापनगरच्या घरी माणसांची रीघ लागली आहे. येणारा प्रत्येक जण तुझ्या रिकाम्या खुर्चीकडे बघतो आणि म्हणतो, "काय माणूस होता! डोळे नसूनही अख्ख्या भारताचे पहाड तोंडपाठ." मी मान हलवते. वहिनी चहा आणते. पाहुणा दोन घोट घेतो आणि परत तेच म्हणतो. तू असतास तर कोपऱ्यातून ओरडला असतास, की पहाड तोंडपाठ करायची वस्तू नाही, आणि त्या बिचाऱ्याचा चहा तसाच राहिला असता.

मी रोज मौद्याहून बसने येते, दिवसभर थांबते आणि संध्याकाळी परत जाते. लोक तुझं कौतुक करतात तेव्हा माझ्या डोक्यात दुसरंच चालू असतं. तू अंधशाळेत आयुष्यभर भूगोल शिकवलास आणि त्यासाठी लागणारे कापडी नकाशे मी शिवले. आपण भांडलो नाही असा नकाशा नाही, आणि ती सगळी भांडणं मिटली. एक मात्र राहिलं. दार्जिलिंगला मी तुला कांचनजंगा दाखवलं ते खरं दाखवलं की खोटं, हे भांडण. तू शेवटपर्यंत म्हणत राहिलास, "मंदीनं मले फसवलं." चेष्टेत म्हणायचास, सगळे हसायचे, मीही हसायचे. पण आता तू नाहीस आणि मला हसू येत नाही. तू खरंच तसं समजून गेलास का, एवढंच मला जाणून घ्यायचं होतं.

लहानपणापासून तुझ्यासाठी बघायचं काम माझ्याकडे होतं. तुझे डोळे गोवरात गेले तेव्हा मी जन्मलेही नव्हते, त्यामुळे मला तू तसाच ठाऊक. आई सुताच्या कांड्या भरायची, बाबा मागावर बसायचे, आणि आपण दोघं दारात. तू विचारायचास, "मंदे, समोर का आहे वं?" मी नुसतं सांगितलेलं तुला चालायचं नाही. मग आपली एक पद्धत पडली. मी तुझं मनगट धरायचं, तुझा हात कोपरात न वाकवता सरळ करायचा आणि ती वस्तू जिथे दिसते तिथे नेऊन थांबवायचा. शेजाऱ्यांचं कौल इतकं वर, लिंबाचा शेंडा इतका, गिरणीची चिमणी इतकी. चिमणी तुझ्या कानाच्या बरीच वर जायची. सीताबर्डीला नेलं की टेकडीवरचा किल्ला दाखवायचा. तिथे मात्र गर्दीत तुझा सरळ हात एकदा एका बाईच्या डोक्यावरच्या पाटीला लागला आणि केळी रस्ताभर झाली. बाई तुला नाही, मला बोलली. तू बाजूला उभा राहून खुदुखुदु हसत होतास.

मी कधी वाढवून दाखवलं नाही, कमी करूनही नाही. ते काही फार मोठं तत्त्व नव्हतं. तू लगेच पकडायचास, एवढंच. काल चिमणी इथं होती, आज तिथं कशी गेली, म्हणून तास तास डोकं खायचास.

तू मास्तर झालास तेव्हा शाळेत भारताचा एक नकाशा होता, प्लास्टिकचा, उठावाचा. त्यावरचे सगळे डोंगर मुलांच्या बोटांनी घासून गुळगुळीत झाले होते. तू रविवारी घरी येऊन म्हणालास, "मंदे, हिमालय झिजला." मी म्हटलं, मी शिवून देते. मागवाल्यांच्या घरातली मुलगी, धाग्याला काय भ्यायचं! तुझ्या बोटांखाली, तुझी बोलणी खात, पहिला नकाशा शिवायला मला अख्खा उन्हाळा लागला.

हिमालयाला तीन दोऱ्या. सगळ्यात वरची जाड, तिच्याखाली मध्यम, आणि सगळ्यात खाली शिवालिकची बारीक सुतळी. सह्याद्रीला एकच लांब दोरी, पश्चिम किनाऱ्याच्या कडेकडेने, थेट खाली केरळपर्यंत. अरवलीला मी बाबांचं जुनं धोतर पीळ देऊन लावलं, कारण तू म्हणालास की तो फार म्हातारा पहाड आहे, बोटाला मऊ लागला पाहिजे. पूर्वेच्या घाटांना सलग दोरी नाही, तुकडे, कारण नद्यांनी त्यांना जागोजागी कापलं आहे. शिखरांना मणी. सातपुड्यात पचमढीजवळ धूपगड, सह्याद्रीत नगर-नाशिकच्या सीमेवर कळसूबाई, खाली केरळात अनैमुडी, अबूला गुरुशिखर, उत्तराखंडात नंदादेवी, आणि सिक्कीमच्या टोकाला, नेपाळच्या सीमेवर, कांचनजंगा. अंदमानचं सॅडल शिखर मी विसरले होते. तू नकाशा पहिल्यांदा हातात घेतलास, सरळ समुद्रावर बोट नेलंस आणि म्हणालास, "आणि हे कोण लावन?"

नागपूरला मी शर्टाचं चपटं बटण लावलं होतं. तुझ्या वर्गात प्रत्येक प्रवास तिथून निघायचा. मी एकदा दाराशी उभी राहून तुझा तास ऐकला होता. "बोट नागपूरवर ठेवा. आता वर चला. काही लागलं? हा सातपुडा. ओलांडा. आता खड्ड्यात पडले ना? ही नर्मदा. परत चढा, हा विंध्य. आता चाला, चाला, चाला. काही लागून राहिलं का? नाही लागणार. हा गंगेचा सपाट मुलूख आहे. कंटाळा आला तरी चाला." मुलं कंटाळून चालायची आणि मग एकदम कुणीतरी ओरडायचं, "सर, सुतळी!" डोंगर किती उंच हे कोणीही पाठ करतं, तो कुठून निघाल्यावर कुठे लागतो हे सांग, असं तू नेहमी म्हणायचास. ते मला तेव्हाही पटलं होतं, पण तुझ्या तोंडावर कबूल केलं नाही, कारण मग तू आठवडाभर ऐकवलं असतंस.

महेंद्रगिरीची भानगड आठवते? ओडिशाच्या आत, किनाऱ्यापासून बरीच दूर, माझा दोरा संपला म्हणून मी गाठ मारली आणि ती मागच्या बाजूला ओढायची राहिली. आपल्या घरात उलट्या बाजूची गाठ सुलट्या बाजूला दिसली तर बाबा जेवायचे नाहीत, आणि मी ती तशीच शाळेत पाठवली. मुलांना ती बोटाला लागली. सर, हा कोणता पहाड? माहीत नाही म्हणायचं तुझ्या जिवावर यायचं. पूर्वेचे घाट जवळच, म्हणून तू ठोकून दिलंस, महेंद्रगिरी. वर्षभर मुलांनी माझ्या गाठीला महेंद्रगिरी म्हटलं. नकाशा धुवायला घरी आला तेव्हा मला कळलं. मी गाठ सोडवून खरा मणी किनाऱ्याजवळ त्याच्या जागी लावला, तर तू माझ्यावरच चिडलास. "आता पोरं विचारतीन, पहाड कुठं गेला, तर का सांगू?" मी म्हटलं, सांग, सरांचा होता, सरांनी परत नेला. दोन रविवार तू माझ्याशी बोलला नाहीस.

उंचीवरून तर आपलं कधीच जमलं नाही. तुझं एकच पालुपद, हिमालय अजून वर कर. खऱ्या मापाने शिवला तर या नकाशावर हिमालय तुरीच्या डाळीएवढा येईल आणि सातपुडा बोटाला लागणारच नाही, हा हिशेब तूच मला करून दाखवला होतास. म्हणून आपण सगळेच डोंगर फुगवायचो आणि नव्या वर्गाला पहिल्याच दिवशी तू ते सांगून टाकायचास. "हे पहाड खरे इतके उंच नाहीत. तुमच्या बोटासाठी उंच केले आहेत. लक्षात ठेवा." हे मी मुद्दाम लिहिते आहे. फुगवलेलं आणि खरं यातला फरक तुला चांगला कळत होता. म्हणूनच दार्जिलिंगचं मला जास्त लागलं.

तिथे जायचं तुझ्याच डोक्यात आलं. वहिनीला गाडी लागते, ती आली नाही. आमचे हे म्हणाले, आंधळ्याने पहाड पाहायला जायचं आणि बहिणीने सोबत दुर्बीण म्हणून! तू सगळ्यात मोठ्याने हसलास आणि महिनाभर सगळ्यांना सांगत सुटलास की मी दुर्बीण घेऊन चाललो. दिवाळी झाल्यावर आपण निघालो. हावडा, मग सिलिगुडीकडची गाडी, मग जीप. जीपच्या प्रत्येक वळणावर तू विचारत होतास, "आता किती चढलो?" आणि मला मळमळत होतं. पोचल्यावर दोन दिवस नुसतं धुकं. तू हॉटेलच्या गच्चीवर स्वेटर आणि माकडटोपी घालून बसलास आणि तिथल्या पोऱ्याला भारताची शिखरं शिकवलीस. त्याला नेपाळी येत होतं, तुला नागपुरी हिंदी, पण तुमचं बरं चाललं होतं.

तिसऱ्या दिवशी सकाळी वरून हाक आली, "दिख रहा है, जल्दी आइए." आपण गच्चीवर गेलो. तिथे चार माणसं उभी होती. मी पाहिलं. दादा, तसं मी आयुष्यात काही पाहिलं नाही. खाली दऱ्या, त्यांच्यावर निळ्या डोंगरांच्या रांगा, आणि सगळ्यांच्या मागे, एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत, पांढरं. मला रडू आलं. तू माझी बाही ओढलीस. "दाखव ना वं."

मी तुझं मनगट धरलं, हात सरळ केला, खांद्याच्या रेषेत आणला आणि तिथून तीन बोटं वर नेला. शिखर तिथेच होतं. मी परत एकदा नीट पाहिलं, एक डोळा मिटून पाहिलं. तीन बोटं.

"इथं?" तू म्हणालास.

"हो, इथंच."

"वर कर, मंदे."

"याच्यावर आभाळ आहे, दादा."

"ढग असन."

"ढग नाही गा. साफ आहे."

"मंदे, गिरणीची चिमणी याच्याहून वर होती." तुझा आवाज बदलला होता. "तू मले खालची टेकडी दाखवून राहिली."

मी सांगितलं की चिमणी दारासमोर होती, हे खूप लांब आहे, मधे अख्खी दरी आहे. तू भूगोलाचा मास्तर, अंतराने वस्तू लहान दिसते हे तू मला ब्रेलच्या पुस्तकातून वाचून दाखवलेलं. पण तुझ्या हाताला ते पटेना. तू तसाच हात लांब करून उभा राहिलास आणि शेजारच्या माणसाला हिंदीत म्हणालास, "भाईसाहब, जरा आप दिखाइए, कांचनजंगा कहाँ है?"

तो एक वयस्कर, सभ्य माणूस होता. त्याने तुझ्याकडे पाहिलं, मग माझ्याकडे. त्याचे डोळे भरून आले. त्याने तुझा हात दोन्ही हातांत धरला आणि वर नेला, तुझ्या डोक्याच्याही वर, अगदी आभाळात. "यहाँ है, बाबूजी," तो म्हणाला. "बहुत ऊँचा है. बहुत सुंदर है."

"पाहा," तू म्हणालास. तुझ्या तोंडावर असा आनंद होता की मी काही बोलले नाही.

त्यानंतर किती वेळा ही गोष्ट सांगितलीस तू! माझ्या मुलीच्या लग्नात व्याह्यांना सांगितलीस. "आमच्या मंदीनं मले टेकडी दाखवली आणि कांचनजंगा म्हणून खपवली." मी दर वेळी म्हणायचे, तीन बोटं, दादा. तू म्हणायचास, "तीन बोटांचा पहाड असते का वं? तो माणूस काहून खोटं बोलन?"

तो काहून खोटं बोलला, हे मला त्याच क्षणी कळलं होतं. त्याला तुझी दया आली. एवढ्या लांबून आलेला आंधळा माणूस, त्याला पहाड लहान कसा दाखवायचा, असं त्याला वाटलं. मी हे एकदा म्हटलं असतं तर भांडण तिथेच मिटलं असतं. पण आयुष्यभर तुला एकाच गोष्टीची चीड होती. रस्ता ओलांडून देणारा चालायचा, चुकीच्या बसमध्ये बसवून देणारासुद्धा चालायचा, पण आवाज मऊ करून बोलणारा माणूस तुला सहन व्हायचा नाही. तुझ्या आयुष्यातल्या एवढ्या मोठ्या सकाळी तुझा हात ज्याने वर नेला तो तसलाच होता, हे मी तुला कसं सांगणार होते? त्यापेक्षा खोटारडी झालेली बरी. म्हणून मी तीन बोटं म्हणत राहिले आणि पुढे गप्प बसले. त्याचं मला फार काही वाटत नाही, असं मी स्वतःला सांगायचे. वाटायचं, दादा. ज्या माणसाला मी कधी लिंबाचा शेंडासुद्धा वाढवून दाखवला नाही, त्याने चारचौघांत मला खोटी म्हणावं, हे मला दर वेळी लागायचं.

दवाखान्यात शेवटच्या आठवड्यातही तू नर्सला ती गोष्ट सांगितलीस. ती हसली. मी तुझं पांघरूण सारखं केलं. मला वाटलं घरी आल्यावर एकदा शांतपणे बोलू. तू घरी आला नाहीस.

काल शाळेत तुझी श्रद्धांजलीची सभा झाली. हॉलमध्ये सतरंज्या टाकल्या होत्या, तुझ्या फोटोला हार घातला. समोर बसलेल्या बहुतेकांना तो दिसणार नव्हता, म्हणून एका बाईंनी मोठ्याने सांगितलं, "आता सरांना हार घातला." मग भाषणं झाली. तुला कंटाळा आला असता. शेवटी प्रकाश उठला. तुझा विद्यार्थी, आता तुझ्याच जागेवर भूगोल शिकवतो. त्यालाही दिसत नाही. तो म्हणाला, सरांबद्दल मोठं बोलता येणार नाही, एक तास सांगतो.

"सर दार्जिलिंगहून आले, तेव्हा मी सातवीत होतो. पहिल्याच तासाले सरांनी आम्हाले वऱ्हांड्यात ओळीनं उभं केलं. हात समोर लांब करा म्हणाले, खांद्याच्या रेषेत. आता तीन बोटं वर. म्हणाले, हे कांचनजंगा, दार्जिलिंगच्या गच्चीवरून. आम्ही हसलो. मी म्हणालो, सर, आमची पाण्याची टाकी याच्याहून उंच आहे. सर म्हणाले, 'टाकी जवळ आहे, पहाड दूर आहे. मलेही तिथं पटलं नव्हतं. तिथं एका माणसानं माझा हात डोक्यावर नेला. चांगला माणूस होता, पण त्याले मी बिचारा वाटलो. परतीच्या गाडीत मले समजलं. माझ्या बहिणीले मी कधी बिचारा वाटलो नाही, म्हणून तिनं हात तीनच बोटं वर केला. पोरांनो, तुमचा हात कोणी जास्त वर नेला, तर समजून जा.'" मग प्रकाश म्हणाला, "दर वर्षी सर नव्या वर्गाले असंच उभं करायचे. आता मी करतो."

परतीच्या गाडीत, दादा! म्हणजे नागपूर यायच्या आधीच तुला कळलं होतं. आणि त्यानंतर इतकी वर्षं तू मला व्याह्यांसमोर खोटारडी ठरवत राहिलास? मला पहिल्यांदा तुझा भयंकर राग आला. शेजारी वहिनी बसली होती. मी तिला विचारलं, तुला हे माहीत होतं? ती डोळे पुसत म्हणाली, "नाही वं. पण तुले वाटलं का, तो तुझ्याजवळ कबूल करन? तसा होता का तो?" तसा नव्हतास. कबूल केलं असतं तर त्या माणसाबद्दल बोलावं लागलं असतं, आणि ते तुला माझ्यासमोर नको होतं. मलाही तुझ्यासमोर नको होतं. तेव्हा तू चेष्टा करत राहिलास आणि मी तीन बोटं म्हणत राहिले. बरं चाललं होतं आपलं, असं आता म्हणायचं.

सभा संपल्यावर प्रकाश भिंतीला हात लावत माझ्यापर्यंत आला. "मंदाताई," तो म्हणाला, "मले सरांनी दाखवलं, सरांले तुम्ही. मी बरोबर दाखवून राहिलो का पोरांले, पाहा ना." आणि त्याने हात समोर लांब केला. मी त्याचं मनगट धरलं. हात थोडा खाली आला होता. दर वर्षी एकाकडून दुसऱ्याकडे जाताना तेवढा फरक पडणारच. मी तो एक बोट वर नेला.

"वर?" प्रकाश म्हणाला.

"एक बोट. आता बरोबर."

"आता पक्कं?"

"पक्कं," मी म्हटलं, आणि त्याचा हात न सोडता तिथेच, सगळ्या मुलांसमोर, मोठ्याने रडले. तुला अजिबात आवडलं नसतं. पण आता तुझं कोण ऐकतं?